एकाच टोळीतली तीन पोरं आणि त्यांचा पहिला सिनेमा

लहानपणी आपण 'च'ची भाषा बोलायचो, मोठ्यांना कळू नये म्हणून. पॅरिसच्या आसपासच्या वस्त्यांमधली पोरंही असाच खेळ करतात, फक्त ती तो मोठेपणीही सोडत नाहीत. शब्दाचा मागचा तुकडा पुढे घ्यायचा, पुढचा मागे टाकायचा. 'उलट' या अर्थाच्या 'लाँव्हेर'ला उलटं केलं की होतं 'व्हेर्लाँ', आणि तेच या बोलीचं नाव. फ्रेंचमध्ये लघुपटाला 'कूर-मेत्राज' म्हणतात. त्यातला 'मेत्राज' फिरवला की तयार होतं 'कुरत्राजमे'.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर पॅरिसमधल्या काही शाळकरी पोरांनी आपल्या टोळीला हे नाव दिलं. घरचा व्हिडिओ कॅमेरा, मित्रच नट, मित्रच लाईटवाले. जिन्यात, गच्चीवर, कुणाच्या तरी आईच्या स्वयंपाकघरात शूटिंग. पुढे रॅप गाण्यांचे व्हिडिओ, मग सिनेमे. आज या टोळीतली माणसं कान आणि व्हेनिसला जाऊन आली आहेत.

ही गोष्ट आपल्याकडे कशी सांगितली जाईल ते मला माहीत आहे. 'हातात पैसा नाही, पाठीशी गॉडफादर नाही, फक्त जिद्द आणि कॅमेरा.' खाली पार्श्वसंगीत, वर पांढरी अक्षरं, रील तयार. मला दर महिन्याला दोन-चार तरुण मेसेज करतात, की सर, शॉर्टफिल्म केली आहे, आता पुढे काय? त्यांना अशा गोष्टी ऐकवून गप्प करणं मला पटत नाही. म्हणून या टोळीतल्या तिघांचा हिशोब जरा बारकाईने मांडतो.

पहिला किम शापिरों. वडील ग्राफिक कलाकार, 'किकी पिकासो' या टोपणनावाने फ्रान्समध्ये ओळखले जाणारे. दुसरा रोमाँ गाव्रास. आडनावावरून सिनेमावाल्यांच्या लक्षात आलं असेल. कोस्ता-गाव्रास यांचा मुलगा, ज्यांच्या 1969 च्या 'झेड'ला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालं होतं. तिसरा लाज ली. आई-वडील मालीतून आलेले, वडील सफाई कामगार. घर मोंफेर्मेय या उपनगरातल्या 'ले बोस्के' नावाच्या वसाहतीत. उंच इमारती, मोडलेल्या लिफ्ट, बेकारी. व्हिक्टर ह्यूगोने 'ले मिझेराब्ल'मधली ती खाष्ट खानावळवाली जोडी, अनाथ पोरीला राबवून घेणारी, ती याच मोंफेर्मेयमध्ये वसवली होती. त्या काळी ते खेडं होतं.

तिघांच्या हातात कॅमेरा साधारण एकाच वयात आला. लीने सतराव्या वर्षी स्वतःचा घेतला. तिघं एकमेकांच्या फिल्ममध्ये राबले. आता पुढचं बघा. शापिरोंचा पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा 'शैतान' आला 2006 मध्ये, तेव्हा तो पंचविशीत होता. गाव्रासचा 'नोत्र जूर व्हिएंद्रा' 2010 मध्ये, तिशीच्या आत. दोन्हींमध्ये वेंसाँ कासेल, म्हणजे फ्रान्समधला पहिल्या रांगेतला नट. आणि लीचा पहिला कथापट 2019 मध्ये. तेव्हा तो चाळिशीच्या आसपास होता.

टोळी तीच. कॅमेरा तोच. मधे साधारण दहा-पंधरा वर्षांचं अंतर.

गाव्रास किंवा शापिरों बिनकामाचे आहेत, नुसते बापाच्या जिवावर वर आले, असं मला अजिबात म्हणायचं नाही. उलट त्यांनी गाण्यांच्या व्हिडिओत जे केलं ते बघून आजही अंगावर काटा येतो. 2003 मध्ये या टोळीने 'माफिया काँ-फ्री' या रॅप गटाच्या 'पूर स्यू' गाण्याचा व्हिडिओ केला. (काँ-फ्री म्हणजे 'आफ्रिकाँ' उलटवून. पुन्हा तीच बोली.) वसाहतीतली शेकडो पोरं कॅमेऱ्यासमोर येतात, ओरडतात, नाचतात, गाड्या पळवतात. वस्तीतल्या माणसांना आपण जसे आहोत तसे, आपल्याच जोशात पडद्यावर दिसलो, असं वाटायला लावणारा तो व्हिडिओ होता. मोठ्या वाहिन्यांवर तोवर ही पोरं दिसायची ती बहुतेक बातम्यांत, पोलिसांच्या मागे किंवा पुढे.

इथे एक कायद्याची गोष्ट सांगायला हवी, कारण रील बनवणारे ती कधीच सांगत नाहीत. फ्रान्सने 1994 मध्ये कायदा केला आणि 1996 पासून रेडिओवर लोकप्रिय गाण्यांपैकी किमान 40 टक्के गाणी फ्रेंच भाषेतली असलीच पाहिजेत असं बंधन आलं. हेतू होता अमेरिकन गाण्यांपासून आपली भाषा वाचवायचा. कायदा करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर बहुधा जुने सभ्य गायक असावेत. पण फायदा सगळ्यात जास्त कुणाला झाला? वस्त्यांमधल्या रॅपवाल्यांना. ते फ्रेंचमध्ये गात होते, तरुण त्यांना ऐकत होते, आणि रेडिओला फ्रेंच गाणी हवी होती. गाणी वाजली, विकली गेली, आणि विकली गेलेल्या गाण्याला व्हिडिओ लागतो. कुरत्राजमेसारख्या पोरांना काम मिळालं ते या साखळीतून. जिद्द होतीच, पण जिद्दीला गिऱ्हाईक सरकारी नियमाने आणून दिलं होतं.

आता 2008 सालाकडे येतो. माझ्या मते या सगळ्या गोष्टीचा गाभा या एका वर्षात आहे.

मे महिन्यात रोमाँ गाव्रासने 'जस्टिस' या इलेक्ट्रॉनिक संगीतवाल्या जोडीच्या 'स्ट्रेस' गाण्याचा व्हिडिओ काढला. काळ्या जाकिटांवर पाठीमागे क्रॉस, अशी वस्तीतली पोरं पॅरिसभर फिरतात. वाटेत येईल त्याला मारतात, फोडतात, बायकांची छेड काढतात, गाडी पेटवतात. कॅमेरा त्यांच्या मागे मागे, बातमीदाराच्या कॅमेऱ्यासारखा हलता. शेवटी ती कॅमेरावाल्याच्याच अंगावर येतात. कारण नाही, स्पष्टीकरण नाही. वंशवादाविरुद्ध काम करणाऱ्यांनी आक्षेप घेतला, की हे काळ्या आणि अरब पोरांबद्दलच्या सगळ्या भीतींना सुंदर कपडे घालून विकणं आहे. बाजू घेणारे म्हणाले, उलट हा आरसा आहे, तुमच्या मनातली भीतीच तुम्हाला दाखवली. फ्रान्सभर वाद झाला आणि दिग्दर्शकाचं नाव जगभर गेलं. पुढे त्याने एम.आय.ए.साठी 'बॉर्न फ्री' आणि 'बॅड गर्ल्स' केले, जे-झी आणि कान्ये वेस्टसाठी 'नो चर्च इन द वाइल्ड' केला.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मोंफेर्मेयमध्ये पोलिसांनी एका तरुणाला मारहाण केली. लाज लीने ती चित्रित केली. संगीत नाही, जाकिटं नाहीत, चौकट वाकडी. तो व्हिडिओ इंटरनेटवर गेला आणि पोलिसांची चौकशी झाली. त्याआधीही तो वस्तीत कॅमेरा घेऊन फिरायचा, पोलीस आले की चालू करायचा. 'कॉप-वॉच' हा शब्द आपल्याकडे पोचायच्या आधीचं हे काम.

एकाच टोळीतले दोन मित्र, एकच वर्ष, एकच विषय. एकाने वस्तीतल्या पोरांची हिंसा दाखवली, ती बनवलेली होती. दुसऱ्याने वस्तीतल्या पोरावरची हिंसा दाखवली, ती घडलेली होती. पहिल्याला लंडन-न्यूयॉर्कची कामं आली. दुसऱ्याला पहिल्या कथापटासाठी अजून अकरा वर्षं लागली.

यावरून गाव्रासला खलनायक करणं सोपं आहे. मला तसं वाटत नाही. 'स्ट्रेस'मधला शेवटचा हल्ला, कॅमेऱ्यावरचा, ही त्या दिग्दर्शकाने स्वतःवरच घेतलेली शंका आहे असं मी मानतो. हे बघून तुला मजा येतेय का, असा प्रश्न त्या हल्ल्यात आहे. पण शंका घेऊनही व्हिडिओ करता येतो, विकता येतो, ही सोय कुणाकडे असते हेही बघायला हवं. ज्याच्या घराखाली गाडी पेटते त्याला पेटत्या गाडीची देखणी चौकट लावणं जड जातं.

आणि लीच्या घराखाली गाड्या खरोखरच पेटल्या होत्या. 27 ऑक्टोबर 2005. शेजारच्या क्लिशी-सू-बुआमध्ये पोलीस मागे लागले म्हणून तीन मुलं विजेच्या उपकेंद्रात शिरली. झियेद बेना, वय 17, आणि बुना त्राओरे, वय 15, विजेच्या धक्क्याने गेले. तिसरा भाजला, वाचला. त्यानंतर तीन आठवडे फ्रान्सभर दंगली झाल्या, सरकारने आणीबाणी जाहीर केली. देशोदेशीचे कॅमेरे आले, रात्रीच्या ज्वाळा टिपून गेले. ली तिथेच राहत होता, तो वर्षभर चित्रण करत राहिला. त्यातून 2007 मध्ये '365 जूर आ क्लिशी-मोंफेर्मेय' हा माहितीपट झाला, जो त्याने इंटरनेटवर फुकट ठेवला. त्या आधी, 2004 मध्ये, त्याचा मित्र छायाचित्रकार जेआर याने त्याचा एक फोटो काढला होता. दोन्ही हातांनी बंदूक रोखावी तसा कॅमेरा रोखलेला काळा तरुण. बघणाऱ्याला पहिल्या क्षणी बंदूकच दिसते. असे फोटो मोठे करून भिंतींवर डकवले गेले. लोकांच्या डोळ्यात काय भरलेलं आहे ते त्या एका फोटोने दाखवलं.

मग 2017. लीने 'ले मिझेराब्ल' नावाचा लघुपट केला. मोंफेर्मेयमध्ये गस्तीवरचे तीन पोलीस, त्यातला एक नवा. एका झटापटीत त्यांच्या हातून गडबड होते आणि वरून एक ड्रोन ते टिपत असतो. लघुपट क्लेर्मों-फेराँच्या महोत्सवात गेला, पुढे सेझार पुरस्काराच्या नामांकनात आला. दोन वर्षांनी त्याच नावाचा, त्याच तीन नटांचा पूर्ण सिनेमा झाला. आता ड्रोन चालवणारा एक चष्मेवाला मुलगा आहे, आणि ती भूमिका लीच्या स्वतःच्या मुलाने केली आहे. सगळा सिनेमा त्या ड्रोनमधल्या एका मेमरी कार्डाभोवती फिरतो. ते कुणाच्या हातात पडेल? पोलिसांच्या, वस्तीतल्या दादांच्या, की मौलवी म्हणून मान असलेल्या माणसाच्या? 2008 मध्ये लीच्या हातात जे होतं तेच हे कार्ड.

कानमध्ये त्याला ज्युरी पुरस्कार मिळाला, ब्राझीलच्या 'बाकुराऊ'बरोबर विभागून. ऑस्करचं नामांकन, सेझारमध्ये सर्वोत्तम चित्रपट, फ्रान्समध्ये वीस लाखांवर तिकिटं. राष्ट्राध्यक्ष मॅक्रों यांनी सिनेमा पाहिला, ते हेलावले, त्यांनी मंत्र्यांना उपनगरांसाठी काही करा म्हणून सांगितलं, अशा बातम्या आल्या. दीड वर्षापूर्वीच, मे 2018 मध्ये, याच मॅक्रों यांनी ज्याँ-लुई बोर्लो यांनी उपनगरांसाठी तयार केलेला मोठा आराखडा बाजूला ठेवला होता. अहवाल वाचून जे झालं नाही ते सिनेमा बघून होईल, असं त्यांना वाटलं असावं. सिनेमा नोव्हेंबर 2019 मध्ये लागला. पॅरिसपासून जेमतेम पंधरा-वीस किलोमीटरवरच्या या भागात ट्राम पोचायला सुरुवात झाली ती डिसेंबर 2019 मध्ये. तोवर बस बदलत बदलत पॅरिस गाठायला तासाच्या वर वेळ जायचा. कर्जत-कसाऱ्याहून कामाला येणाऱ्यांना हा हिशोब समजावून सांगायला नको, पण कर्जतला निदान रेल्वे आहे.

आता व्यवस्थेबद्दल. फ्रान्समध्ये सिनेमाचं राष्ट्रीय केंद्र आहे, 1946 पासून. तिथे प्रत्येक सिनेमा तिकिटातले 10.72 टक्के या केंद्राकडे जातात आणि पुन्हा सिनेमातच खर्च होतात. तिकीट हॉलिवूडच्या मारधाडपटाचं असलं तरी. म्हणजे तिकडे एखादा पोरगा 'अ‍ॅव्हेंजर्स' बघतो तेव्हा तो नकळत कुणाच्या तरी लघुपटाला दोन पैसे देत असतो. टीव्ही वाहिन्यांवर आणि स्ट्रीमिंगवाल्यांवरही असा कर आहे. आपणही तिकिटावर जीएसटी भरतो, पण तो सिनेमासाठी राखून ठेवलेला नसतो.

दुसरी गोष्ट याहून मोठी. कलाकार आणि तंत्रज्ञ यांनी तिकडे बारा महिन्यांत 507 तास काम केल्याचं दाखवलं, तर काम नसलेल्या दिवसांचा बेकारी भत्ता मिळतो. त्यात लघुपटाचे तास धरले जातात, गाण्याच्या व्हिडिओचे धरले जातात, फक्त रीतसर करार पाहिजे. आता आपल्याकडचा अल्बम साँगचा सेट आठवा. लाईट उचलणारा, फोकस ओढणारा, मेकअपवाली. दिवसाची बोली, पैसे पुढच्या महिन्यात, कधी कधी नुसता वडापाव आणि 'पुढच्या प्रोजेक्टला नक्की बघू'. शॉर्टफिल्म असेल तर तेही नाही, कारण ती 'पॅशन' असते. तिकडे पॅशनचेही तास मोजतात.

मग एवढी व्यवस्था असून लीला इतका उशीर का झाला? हाच माझ्या लिहिण्याचा मुद्दा आहे. व्यवस्था अर्जावर चालते. अर्ज लिहायचा कसा, कुणाला फोन करायचा, निर्मात्याच्या ऑफिसात जाऊन बसायचं कसं, हे गाव्रासच्या घरात जेवणाच्या टेबलावर कळत होतं. मोंफेर्मेयच्या पाचव्या-सहाव्या मजल्यावर कळत नव्हतं. पैशांचा नळ सार्वजनिक होता, पण तिथवर जायचा रस्ता खासगी होता. आणि तरी, तो नळ होता म्हणूनच 2017 चा लघुपट कुठेतरी लागला, कुणीतरी पाहिला, आणि त्याचा सिनेमा झाला. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. 'सरकारने काही करू नये, टॅलेंट आपोआप वर येतं' म्हणणारे आणि 'योजना आली की झालं' म्हणणारे, दोघांनाही ही गोष्ट अर्धीच सोयीची आहे.

लीला हे कळलं होतं, असं त्याच्या पुढच्या कामावरून दिसतं. कानच्या आधीच, 2018 मध्ये, त्याने क्लिशी-मोंफेर्मेयमध्ये 'कुरत्राजमे' नावाची चित्रपट शाळा सुरू केली. फी नाही, पदवीची अट नाही. पॅरिसच्या प्रतिष्ठित 'ला फेमिस'च्या प्रवेशपरीक्षेची नुसती तयारी करायलाही आधी बऱ्यापैकी शिकलेलं असावं लागतं, त्याच्या बरोबर उलट. नंतर मार्सेय आणि डाकारलाही शाळा निघाल्या.

मित्र तुटले नाहीत, हेही सांगतो. 2022 मध्ये गाव्रासने नेटफ्लिक्ससाठी 'अथेना' केला, त्याच्या पटकथेत ली सहभागी होता. वस्ती, पोलीस, मेलेला धाकटा भाऊ, आणि सुरुवातीलाच एक लांबलचक न तोडलेला शॉट, ज्याच्या क्लिप्स आपल्याकडेही भरपूर फिरल्या. थक्क करणारा शॉट आहे. तरी मला 'ले मिझेराब्ल'मधली शांत दुपार जास्त भिडते, जिथे पोरं नुसती उन्हात हिंडत असतात आणि आपल्याला पोटात गोळा येतो. एकाला गाण्याच्या व्हिडिओने शिकवलं, दुसऱ्याला वाट बघण्याने. हा माझ्या आवडीचा भाग झाला, तुमची वेगळी असू शकते.

आपला याच्याशी संबंध काय, असं कुणी विचारेलच. आहे, आणि थेट आहे. पायल कपाडिया पुण्याच्या एफटीआयआयची विद्यार्थिनी. 2015 च्या संपात होती. तिचा 'आफ्टरनून क्लाउड्स' हा लघुपट 2017 मध्ये कानच्या विद्यार्थी विभागात गेला. 2024 मध्ये तिच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट'ला कानचा ग्राँ प्री मिळाला. मुंबईतल्या नर्सेसची गोष्ट, अर्धी रत्नागिरीत घडणारी, आपली छाया कदम त्यात. या सिनेमाचे मुख्य निर्माते फ्रेंच होते आणि त्यात त्या वर सांगितलेल्या राष्ट्रीय केंद्राचाही पैसा होता. म्हणजे पॅरिसमध्ये कुणीतरी काढलेल्या तिकिटाच्या 10.72 टक्क्यांतून रत्नागिरीचा समुद्र पडद्यावर आला. ऑस्करसाठी पाठवायच्या फ्रान्सच्या निवडक यादीत तो होता, भारताने मात्र दुसराच सिनेमा पाठवला. आणि एफटीआयआय तरी काय आहे? सरकारी संस्था, लोकांच्या पैशावर चाललेली, जिच्या विद्यार्थ्यांना 'फुकटे' म्हणायची आपल्याकडे पद्धत आहे.

म्हणून जी मुलं मेसेज करून विचारतात त्यांना माझं उत्तर सध्या एवढंच असतं, की तुझ्या फिल्मबद्दल नंतर बोलू, आधी तुझ्यासोबत कोण कोण आहे ते सांग. टोळी आहे का? आणि टोळीतल्या कुणाच्या घरी फोन उचलणारा माणूस आहे का? असेल तर त्याची लाज वाटून घेऊ नका, सगळ्यांसाठी वापरा. शापिरों आणि गाव्रास यांनी लीसाठी थोडंफार तेच केलं.

आणि वाचणाऱ्यांना एक विनंती. तुमच्या तालुक्यात, गावात एखादं ग्रंथालय, महाविद्यालय, मंडळ किंवा नगरपालिकेची जागा असेल जिथे तरुणांना कॅमेरा, एडिटिंगचा संगणक किंवा निदान फिल्म दाखवायला भिंत फुकट मिळते, तर कमेंटमध्ये नाव-ठिकाण लिहा. मी यादी करतोय. आतापर्यंत तिच्यात चार नावं आहेत.